घड्याळाचं सुतक

बायकोची माती झाली त्याच दुपारी बिरादरीच्या ग्रुपवर फुलं पडायला लागली. मोबाइलमधली फुलं. जोडलेले हात, पणत्या, रडकी तोंडं. एकानं घाईघाईत हसरं तोंड टाकलं आणि मग पुसलं. मी मोबाइल चादरीखाली सारला. फुलं घेऊन मी काय करू? मला एक माणूस पाहिजे होता. घरी येणारा, हात धुऊन भिंतीवरच्या घड्याळाला चावी देणारा. बास.

आमची बिरादरी घड्याळसाजांची. लातूर आणि नांदेड, दोन्हीची मिळून एकच. निजामाच्या राज्यात सुरू झाली असं जुने उस्ताद सांगायचे. तिच्यात जातपात नाही. लिंगायत, मुसलमान, मराठे, सोनार, ज्याला घड्याळाची कमान, म्हणजे आतली स्प्रिंग, बसवता येते तो आत. उस्ताद म्हणायचे, गिऱ्हाइकाला वाटतं आपण घड्याळ दुरुस्त करतो. आपण वेळ वाहती ठेवतो. वेळ म्हणजे पाणी, घड्याळ म्हणजे पाट. पाट बुजला की पाणी तुंबतं, आणि तुंबलेल्या पाण्याचं काय होतं ते नालीच्या कडेला राहणाऱ्याला सांगायला नको.

म्हणून आमचे नियम. दुकानात एक तरी घड्याळ कायम चालू पाहिजे. बंद पडलेलं घड्याळ तोंड भिंतीकडं करून टांगायचं, येणाऱ्या-जाणाऱ्याला दाखवायचं नाही. एखादा आजारी पडला तर दुसऱ्यानं त्याच्या दुकानात जाऊन चावी द्यायची. हे सगळं मी पाळलं. शाळा माझी चौथीतच सुटली, त्यामुळं शिकलो म्हणजे एवढंच शिकलो.

आम्ही लिंगायत. आमच्यात सुतक धरत नाहीत. पण बिरादरीचं एक सुतक आहे, आणि ते सगळ्यात मोठं. ज्याच्या घरी मौत होते त्या घरातल्या कोणीच घड्याळाला हात लावायचा नाही. मयताच्या घरी चूल पेटत नाही, शेजारचे भाकरी-पिठलं घेऊन येतात, तसंच हे. बिरादरीतला एक जण येतो, चावी देतो आणि त्या घरची चावी सोबत घेऊन जातो. लागेल तेव्हा परत येतो. सगळं कार्य उरकलं की शेवटल्या दिवशी तीच चावी घरधन्याच्या हातात ठेवतो. म्हणजे इतके दिवस तुझी वेळ आम्ही सांभाळली, आता तुझी तू सांभाळ.

याच्यात धर्मापेक्षा धंद्याची अक्कल जास्त आहे. दुःखातला हात जास्त पिळतो. कमान तुटते. मी दुकानात किती पाहिल्या. मोठा बाप्या माणूस घड्याळ काखेत मारून यायचा, म्हणायचा, "काका, नुस्ती चावी दिली हो, आन कडकन वाजलं." मी विचारायचो, घरी कोण गेलं? तो म्हणायचा, बाप.

आणि त्या दिवसांत घड्याळ बंद पडलं तर त्या घरात वेळ तुंबते. नांदेडला असा एक म्हातारा होता. त्याच्या घरी चावी द्यायला कोणी पोचलंच नाही. तो पुढं कित्येक वर्षं दिवस मावळायच्या वेळी दारात येऊन उभा राहायचा आणि रस्त्याकडं बघत विचारायचा, डॉक्टर आले का? त्याची सून हात धरून त्याला आत न्यायची. मला तसं दारात उभं राहायचं नव्हतं.

आमच्या घरातलं घड्याळ तसं कोणाचं तरी दुरुस्तीला टाकलेलं. न्यायला कोणी आलंच नाही. लाकडी पेटी, खाली लंबक, तासाला ठोके. एकदा चावी दिली की आठवडाभर चालतं. मी ते दुकानातून घरी आणलं आणि बायकोनं त्याच्यावर कब्जा केला. दर सोमवारी आंघोळ करून, कपाळाला भस्म लावून ती स्टुलावर चढायची. आधी उजवं भोक, ते चालीचं. मग डावं, ते ठोक्यांचं. मी एवढा घड्याळसाज, पण मला हात लावू द्यायची नाही. म्हणायची, "दिवसभर लोकांचे घड्याळं पिळून राहिलाव की. हे माझं हाय."

बिरादरीवर तिचा लई राग. वर्षातून एकदा बैठक आमच्या घरी व्हायची. वीस-पंचवीस बाप्ये. ती पहाटेपासून पुरण वाटायची आणि हे लोक जेवून तिच्या जास्वंदीच्या कुंडीत गुटखा थुंकायचे. लाल पिचकाऱ्या पार पानांवर. ते गेले की ती बादलीनं झाड धुवायची आणि तोंडानं त्यांना. "वेळेचे राखणदार म्हणं! जेवायच्या वेळेला बरोब्बर येतेत, तेवढीच काय ती राखण." मला तेव्हा वाटायचं, माणसं घाण असली तरी काम चांगलं आहे.

शेवटच्या सोमवारी तिच्यात उभं राहायची ताकद नव्हती. डायलिसिस करून पाय सुजले होते. तरी म्हणाली, चढवा मला. मी कमरेला धरून स्टुलावर उभी केली. तिनं चावी दिली, मध्ये दम खात, उजवं, मग डावं. शुक्रवारी गेली.

आता तुम्हीच सांगा. ते घड्याळ तिच्या हातानं भरलेलं चाललं होतं. कमानीत जो जोर होता तो तिचा होता. घरात माणसं येत होती, रडत होती, चहा पीत होती, आणि मी भिंतीला टेकून तिचा जोर संपताना ऐकत होतो.

सोमवार आला. कोणी आलं नाही. चावी खिळ्याला तशीच. सुताराला जसा लाकडाचा वास कळतो तसा मला आवाज कळतो. दुपारी टिक आणि टकमधलं अंतर सैल व्हायला लागलं.

पुण्याहून आलेला मुलगा माझ्याकडं बघत होता. म्हणाला, "बाबा, मी देऊ का चावी?"

"तुझी आई गेली ना? तुझा हात बी दुःखातलाच."

"मग हिला सांगतो." हिला म्हणजे सुनेला.

"ती काय परकी हाय का?"

"बाबा, एक घड्याळ आहे ते."

तो इंजिनिअर आहे, त्याच्या डोक्यात घड्याळ म्हणजे मोबाइलच्या कोपऱ्यातले आकडे. चांगला मुलगा आहे. आईचे पाय त्यानं रात्रंदिवस चेपले. पण हे त्याला कसं सांगू?

आमच्या गल्लीच्या तोंडाशी बिरादरीतल्याच एकाचं दुकान आहे. बाप घड्याळसाज होता, हा मोबाइलची कव्हरं विकतो. बापामुळं बिरादरीत. त्याला फोन लावला.

"काका, ग्रुपवर टाकलंय ना मी. पाळी कोणाची ते वरचे लोक ठरवून राहिले."

"तुझं दुकान माझ्या दारातून दिसतं रे."

"गिऱ्हाईक हाय काका, सोडून कसं येऊ?" मग मला मोठी अक्कल दिल्यासारखं म्हणाला, "मी काय म्हणतो, सेलचं मशीन बसवून टाका ना त्याच पेटीत. चावीची कटकटच न्हाई. मीच आणून देतो, तुमच्यासाठी खरेदीच्या भावात."

मी फोन ठेवला. बायको मेलेल्या माणसाला हा मशीन विकून राहिला होता.

मग नांदेडला अध्यक्षाला लावला. पूर्वी बिरादरीत उस्ताद असायचे, आता अध्यक्ष असतो. ह्या अध्यक्षानं आयुष्यात कमान बसवलेली मी तरी पाहिली नाही. मोठं शोरूम आहे, मनगटात सोन्याचं घड्याळ, बोटांत अंगठ्या. आवाज मात्र असा तुपातला की कानाला चिकटतो.

"काका! तुमचंच नाव चाललं होतं. लई वाईट झालं. आपण रविवारी सगळे येऊन राहिलो. तुमच्याकडं कार्य हाय ना रविवारी? कार्यक्रम मोठा करू."

"रविवारपर्यंत घड्याळ टिकत न्हाई. उद्या बंद पडतंय. कोणाला तरी धाडा."

"उद्या? उद्या अवघड हाय." तो विचार करत होता, मला वाटलं माणूस शोधतोय. मग म्हणाला, "काका, पडू द्या ना मग बंद. रविवारी आपण सगळ्यांसमोर चालू करू. उलट फोटो चांगला येईल."

उठून मोरीत गेलो आणि चूळ भरली, तरी तोंडाची चव जाईना. ज्या एका गोष्टीसाठी बिरादरी आहे तीच ह्याला फोटोसाठी मेलेली पाहिजे होती. पन्नास-साठ वर्षं मी ह्या लोकांच्या मयताला एसटी धरून पळालो. उन्हात, पावसात, अंगात ताप असताना. कोणाकोणाच्या भिंतीवरची कोळिष्टकं काढून चावी दिली. त्याचं हे.

मंगळवारी सकाळी ठोके असे पडले जसं कोणी आजारी माणूस जिना चढतो. एक, मग बराच वेळ, मग दुसरा. मी खुर्ची घड्याळासमोर ओढून बसलो. सुनेनं चहा आणला, तो गार झाला. लंबकाचा झोका वीतभराचा होता तो चार बोटांवर आला. मला वाटलं, आता उठावं आणि द्यावी चावी, मेली ती बिरादरी. उठलो सुद्धा. खिळ्यापर्यंत हात नेला. पण दुःखातल्या त्या हातात मी स्वतःच माझं घड्याळ दिलं नसतं. परत बसलो.

दुपार कलली तेव्हा दारात एक बाई आली. बुरख्यात, हातात कापडी पिशवी, दमलेली. मी ओळखलं नाही. तिनं तोंडावरचा पडदा वर केला.

"भाईसाब, अहमदपूरला बस बंद पडली, म्हणून उशीर झाला. चालू हाय ना अजून?"

ती नांदेडच्या आमच्या एका घड्याळसाजाची विधवा. तो जाऊन काही वर्षं झाली. ती इद्दतीत, म्हणजे नवरा गेल्यावरच्या पडद्यात, बसली होती तेव्हा तिच्या घरचं घड्याळ आतल्या खोलीत, आणि तिथं परक्या बाप्यानं जायची सोय नाही. बिरादरीत नुसती चर्चा. कोण म्हणे घड्याळ बाहेर काढा, कोण म्हणे भिंतीवरून हलवलं तर बंद पडेल. तेव्हा माझी बायको म्हणाली होती, "तुम्ही बसा बोलत, मी जाते." आणि गेली. त्या घराचं कार्य होईपर्यंत दर आठवड्याला लातूरहून नांदेडला बसनं जायची, चावी देऊन संध्याकाळी परत. बिरादरीत तिचं कोणी नाव काढलं नाही. बाईच्या हातची चावी धरायची की नाही हे त्यांचं ठरलंच नव्हतं.

मी म्हणालो, "चालू हाय. पण आता जातं."

"बोलू नका मग. पाणी द्या हात धुवायला."

सुनेनं तिच्या हातावर पाणी घातलं. तिनं ओढणीच्या टोकाला हात पुसले, खिळ्यावरची चावी काढली, आणि मी सांगायच्या आत स्टुलावर चढली. उजवं भोक. मग डावं. घाई नाही, जोर नाही. मध्ये एकदा थांबून कान लावला. लंबक पुन्हा मोठा झोका घ्यायला लागला. मी शुक्रवारपासून धरून ठेवलेलं सगळं तेव्हा बाहेर पडलं. मुलगा जवळ आला. त्यानं मला रडताना आधी पाहिलंच नव्हतं. माती देताना मी रडलो नव्हतो.

"तुम्हाला कोणी सांगितलं?" मी नंतर विचारलं.

"ह्यांचा ग्रुप अजून भाचीच्या मोबाइलवर हाय, तिथं फोटो आला भाभीचा. खाली नुसते फुलंच फुलं. मी म्हणलं, फुलं सगळ्यांनी टाकले, गेलं कोण? तिनं वाचून पाहिलं. कोणीच न्हाई." मग ती स्वयंपाकघराकडं बघून म्हणाली, "भाभी यायची तेव्हा मला ओरडायची. म्हणायची, जेवलीस का? मी न्हाई म्हणलं की पिशवीतून धपाटे काढायची. रडायचं ते जेवून रड, म्हणायची."

तिनं पण धपाटे आणले होते. चावी ओढणीत बांधली आणि संध्याकाळच्या बसनं परत गेली.

रविवारी शिवगणाराधना, आमच्यातलं मयताचं कार्य. जंगम आले, पूजा झाली, पंगती बसल्या. ती बाई सकाळीच येऊन सुनेच्या हाताखाली भाजी निवडत होती. बिरादरी बारा वाजून गेल्यावर आली, तीन गाड्या भरून. सोबत फ्लेक्स. तो त्यांनी माझ्या दाराला बांधला. त्याच्यावर अध्यक्षाचा फोटो परातीएवढा, दोन्ही हात जोडून हसतोय. माझ्या बायकोचा फोटो खाली कोपऱ्यात, निवडणूक कार्डावरून काढलेला, बशीएवढा. सगळ्यांच्या गळ्यात एकसारखे पंचे, पंचांवर छापलेलं: वेळेचे राखणदार. तिनं दिलेली शिवी ह्यांनी पंचावर छापून घेतली होती.

आधी जेवले. कार्याचं जेवण, मी कोणाला उठवणार नव्हतो. स्वतःच्या हातानं वाढलं. अध्यक्ष तुपाची धार बोटानं ताटातून ओढून चाटत होता, आणि दुसऱ्या हातात फोन. "कढी झक्कास," म्हणाला. तिच्या कार्याची कढी झक्कास. मग ढेकर दिली, दात कोरले, आणि उठून घड्याळासमोर उभा राहिला. घड्याळ चालू बघून त्याचं तोंड जरा पडलं. पण ते लोक तयार असतात. त्यानं भाषण केलं.

"आज काकांच्या दुःखात बिरादरी त्यांच्या पाठीशी उभी राहिली. आपण ह्या घराची वेळ एक क्षण थांबू दिली नाही!"

टाळ्या. कार्याच्या घरात टाळ्या.

मग खिशातून त्यानं एक चावी काढली. सोनेरी, हातभर लाल फीत बांधलेली. फोटोवाला कोन शोधत होता तोवर अध्यक्षानं त्या चावीच्या, बोटांत धरायच्या पाकळीच्या टोकानं कान कोरला. निवांत, डोळे मिटून. बघितलं काय निघालं ते, आणि पंचाला पुसलं. मग तीच चावी दोन्ही हातांवर ठेवून माझ्यासमोर धरली.

"घ्या काका. तुमची वेळ."

मी विचारलं, "ही कोणत्या घड्याळाची?"

"म्हंजे?"

"तिचं नाक केवढं हाय बघा. आमच्या घड्याळात जात न्हाई. कुठल्याच घड्याळात जात न्हाई. घड्याळसाजाच्या घरी ही कशाची चावी आणली?"

मागून कोणीतरी खाकरलं. अध्यक्ष हसला. "काका, ही प्रतीकात्मक हाय."

"आस्सं. जेवण तर खरंच जेवलाव ना?"

मी पुढं बोललो, कारण आता थांबलो तर नरड्यातच राहिलं असतं. "मी फोन लावला तेव्हा तुम्ही म्हणलाव, बंद पडू द्या, फोटो चांगला येईल. चावी ह्या बाईनं दिली. नांदेडहून बसनं येऊन. तुमच्या तीन गाड्यांतून एक माणूस आला न्हाई."

ती स्वयंपाकघराच्या दारात उभी होती, हाताला हळद. सगळ्यांनी तिच्याकडं पाहिलं आणि मग एकमेकांकडं. अध्यक्षानं आवाज बारीक केला, जसा लहान मुलाला समजावताना करतात तसा.

"काका, ह्या भाभींची भावना चांगली हाय. पण बाईच्या हातची चावी धरायची का न्हाई, ते बैठकीत घ्यावं लागेल. नियम हायत आपले."

"घ्या बैठकीत. आन माझं नाव कमी करा. तो फ्लेक्स सोडा आधी, तिचा फोटो मला पाहिजे, तुमचा घेऊन जा."

म्हणाल, म्हाताऱ्याचं डोकं फिरलं. तेही तसंच म्हणत दाराच्या पायऱ्या उतरले. "धक्का बसलाय काकांना," असं मला ऐकू येईल इतक्या मोठ्यानं. जाताना एकानं जास्वंदीच्या कुंडीत थुंकलंच. मी पाण्याची बादली घेऊन बाहेर आलो तर मुलगा आधीच झाड धूत होता. तो कधीच शिव्या देत नाही. तेव्हा दिली.

ती बाई हात धुऊन बाहेर आली. ओढणीची गाठ तिला सुटेना, दातानं सोडवली. चावी माझ्या हातावर ठेवली. उबदार होती.

"भाईसाब, आता तुमचं तुम्ही," म्हणाली, आणि लगेच, "माझी बस चारची हाय. रडायचं तर मला स्टँडवर सोडून या आन मग रडा."

तिला स्टँडवर सोडलं. बायकांना अर्धं तिकीट आहे म्हणून मला पैसे देऊ दिले नाहीत.

सोमवारी आंघोळ केली, भस्म लावलं आणि स्टुल ओढलं. मुलगा म्हणाला, धरू का? नको म्हणालो. उजवं भरलं, डावं भरलं. आता त्या कमानीत बायकोचा जोर काहीच राहिला नव्हता, सगळा माझा होता. स्टुलावरून उतरलो आणि आत जाऊन सुनेला म्हणालो, तिच्या साड्या काढ, कोणाकोणाला द्यायच्या ते बघू.